सुब्रत मित्र आणि बंगाली सिनेमातला उजेड : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सत्यजित राय यांचे चित्रपट आवडीने बघणारे मराठी प्रेक्षक खूप आहेत. ते चित्रपट कॅमेऱ्यातून कोणी पाहिले, हे मात्र त्यातल्या पुष्कळांना ठाऊक नसतं. खेळ संपल्यावर गप्पा सुरू झाल्या की सुब्रत मित्र यांच्याबद्दल जे प्रश्न पुन्हा पुन्हा निघतात, ते इथे उत्तरांसह एकत्र केले आहेत. उत्तरांची लांबी कमी-जास्त आहे, कारण काही प्रश्नांत दडलेलं खूप आहे आणि काही दोन ओळींत संपतात.

सुब्रत मित्र कोण होते?

बंगाली सिनेमातले छायालेखक. जन्म १२ ऑक्टोबर १९३०, कोलकाता. निधन ७ डिसेंबर २००१, कोलकाता. १९५५ ते १९६६ या काळात आलेल्या राय यांच्या दहा चित्रपटांचं छायालेखन त्यांनी केलं : 'पथेर पांचाली', 'अपराजितो', 'परश पाथर', 'जलसाघर', 'अपूर संसार', 'देवी', 'कांचनजंघा', 'महानगर', 'चारुलता' आणि 'नायक'. बाहेरच्या दिग्दर्शकांबरोबर त्यांनी मोजकंच काम केलं. १९८६ मध्ये पद्मश्री मिळाली, १९९२ मध्ये ईस्टमन कोडॅकचा जीवनगौरव पुरस्कार. शेवटची काही वर्षं ते कोलकात्याच्या सत्यजित राय फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये छायालेखन शिकवत होते.

ही झाली नोंदवहीतली माहिती. त्यांच्या कामाकडे नीट पाहिलं तर मला त्यात सुरुवातीपासून शेवटपर्यंत एकच चौकशी दिसते : या जागेत उजेड खरा येतो कुठून? उत्तर सापडेपर्यंत ते दिवा लावायला तयार नसत. पुढची बहुतेक उत्तरं फिरून याच मुद्द्यावर येतात.

पहिला चित्रपट करण्याआधी त्यांनी मूव्ही कॅमेरा हातातही धरला नव्हता, हे खरं का?

खरं आहे. 'पथेर पांचाली'चं चित्रीकरण ऑक्टोबर १९५२ मध्ये सुरू झालं तेव्हा मित्र जेमतेम बावीस वर्षांचे होते, आणि सिनेमाचा कॅमेरा त्यांनी स्वतः कधी चालवला नव्हता. स्थिरचित्रं काढायची सवय होती, एवढंच. राय यांचाही तो पहिलाच चित्रपट; ते जाहिरात कंपनीत चित्रकार म्हणून नोकरी करत होते. व्यवसायातल्या जाणत्यांनी तेव्हा या मंडळींना समजावलं, ते वाईट हेतूने नव्हतं. पावसात, भर उन्हात, उघड्यावर, नवख्या माणसांना घेऊन असं काम होत नाही, ही त्या वेळच्या स्टुडिओंची ठाम समजूत होती.

म्हणून मित्र पूर्ण अडाणी होते असं मात्र समजू नका. त्यांचं शिक्षण झालेलं होतं, फक्त ते कुठल्या वर्गात झालं नव्हतं.

मग ते शिकले कुठे?

आधी थिएटरात. शाळकरी वयापासून ते इंग्रजी आणि अमेरिकन चित्रपट बघत. डेव्हिड लीन यांच्या डिकन्सवरच्या चित्रपटांतलं गाय ग्रीन यांचं काम आणि 'द थर्ड मॅन'मधलं रॉबर्ट क्रॅस्कर यांचं काम त्यांच्या मनात घर करून बसलं होतं. वास्तुविशारद व्हायचं की छायालेखक, अशी त्यांची दोलायमान अवस्था होती. कॅमेरा असिस्टंट म्हणून शिरकाव मिळेना, तेव्हा विज्ञान शाखेत नाव घातलं.

त्यातच फ्रेंच दिग्दर्शक जाँ रेन्वार 'द रिव्हर' करायला बंगालमध्ये आले. चित्रीकरण हुगळीच्या काठी होतं आणि छायालेखक होते त्यांचे पुतणे क्लोद रेन्वार. मित्र यांनी काम मागितलं, नकार आला. मग वडिलांनी पाठबळ दिलं, खटपट केली, आणि मुलाला नुसतं उभं राहून बघायची परवानगी मिळाली.

त्या परवानगीचं मित्र यांनी काय केलं, हे छायालेखन शिकणाऱ्या प्रत्येकाने वाचावं असं आहे. ते रोज वही घेऊन जात. कुठला दिवा कुठे लावला, कॅमेरा कुठून कुठे सरकला, नट कुठे उभे होते आणि कुठे गेले, याच्या आकृत्या काढत आणि टिपणं लिहीत. वही इतकी नेमकी झाली की एखादा प्रसंग पुन्हा चित्रित करायचा असेल तर आधीच्या वेळी प्रकाश कसा होता हे पडताळायला खुद्द क्लोद रेन्वार ती मागून घेऊ लागले. ज्याला कामावर घेतलं नव्हतं त्याची वही युनिटच्या उपयोगी पडू लागली.

याच सेटवर आणखी दोन ओळखी झाल्या. एक राय यांच्याशी. ते सवड मिळाली की चित्रीकरण बघायला येत आणि मित्र त्यांना दिवसभरात काय काय झालं ते सांगत. दुसरी बन्सी चंद्रगुप्त यांच्याशी; ते तिथे कलाविभागात होते. पुढे 'पथेर पांचाली' ज्या तिघांच्या नजरेतून घडला, ते तिघे असे एका फ्रेंच माणसाच्या चित्रपटाच्या निमित्ताने एकत्र आले.

'पथेर पांचाली' करताना अडचणी कुठल्या आल्या?

पैशाची, सगळ्यात आधी. चित्रीकरण थांबत-थांबत जवळजवळ तीन वर्षं चाललं आणि शेवटी पश्चिम बंगाल सरकारच्या पैशांतून पुरं झालं. पहिल्या दिवशी अपू आणि त्याची बहीण दुर्गा काशफुलांच्या रानातून जातात तो प्रसंग घेतला. आठवड्याने सगळे परत गेले तर गुरांनी तुरे खाऊन टाकलेले. पुन्हा तशी फुलं यायला पुढचा हंगाम उजाडावा लागला. छायालेखकाच्या दृष्टीने याचा अर्थ नीट लक्षात घ्या : एकाच प्रसंगाचा अर्धा भाग एका वर्षीचा आणि अर्धा पुढच्या वर्षीचा, आणि दोन्हीकडचं आभाळ एकाच दुपारचं वाटायला हवं.

गाव होतं कोलकात्याजवळचं बोराल. दिवसाचे प्रसंग तिथे आणि रात्रीचे स्टुडिओत घेतले. दुर्गाच्या शेवटच्या रात्रीचं वादळ आठवून बघा. दाराशी फडफडणारं फाटकं कापड, हेलकावणारी ज्योत, कोनाड्यातला गणपती. त्या अंधारात आईचा चेहरा जेवढा दिसायला हवा तेवढाच दिसतो. मागच्या बाजूने केसांवर तेजाची किनार टाकायची त्या काळच्या स्टुडिओंची हौस इथे कुठेही नाही. घरात एक दिवा आहे, तर चित्रातही एकाच दिव्याचं बळ आहे.

बाऊन्स लाइटिंग म्हणजे नेमकं काय, आणि ते कसं सुचलं?

सर्वांत जास्त विचारला जाणारा प्रश्न हाच, म्हणून जरा सविस्तर.

'अपराजितो'त अपूचे आईवडील, सर्वजया आणि हरिहर, काशीला राहतात. घर जुन्या पद्धतीचं, मधे उघडा चौक, भोवती खोल्या. आपल्याकडच्या वाड्याचा चौक ज्याने पाहिला आहे त्याला तिथला उजेड वेगळा सांगायला नको : ऊन थेट तळापर्यंत येतं ते थोडाच वेळ, बाकी दिवसभर आभाळाचा मऊ उजेड वरून झिरपत राहतो. भांडी घासणाऱ्या बाईच्या हाताची ठळक सावली पडत नाही. खोलीच्या दाराशी उजेड असतो आणि आत दोन पावलं गेलं की तो उतरत जातो.

हे घर स्टुडिओत उभारायचं ठरलं, कारण पावसाळ्यात उघड्यावर दिवस धरून काम होणं अवघड होतं. सेट बन्सी चंद्रगुप्त यांनी केला. मित्र यांचा आक्षेप सेटला नव्हता, स्टुडिओतल्या उजेडाला होता. तिथली रीत अशी की दिवे वर माचाणावर टांगायचे आणि थेट माणसांवर रोखायचे. एक मुख्य दिवा, एक सावल्या भरून काढायला, एक पाठीमागून. असा प्रत्येक दिवा आपली स्वतःची सावली टाकतो. चौकात उभ्या असलेल्या बाईच्या पायाशी तीन दिशांना तीन सावल्या पडल्या की प्रेक्षकाला कारण सांगता येत नाही, पण हे घर खोटं आहे हे त्याला कळतं. शिवाय खऱ्या काशीत, गल्ल्यांत आणि घाटांवर घेतलेली दृश्यं याच्या मागे-पुढे येणार होती. ती आणि ही शेजारी बसली पाहिजेत.

स्टुडिओत आभाळाचा उजेड आणणं होणार नाही, हे मित्र यांनी राय आणि बन्सी यांना पटवून पाहिलं, पण त्यांना ते पटलं नाही. मग वाट काढणं भाग होतं. मित्र यांनी सेटच्या चौकावर पांढरं कापड ताणून बसवलं. दिवे खाली ठेवले आणि तोंडं वर, कापडाकडे केली. प्रकाश कापडावर आपटून, पसरून, मऊ होऊन खाली आला. आभाळ नेमकं हेच करतं, म्हणून चौक चौकासारखा दिसू लागला.

ऐकायला सोपं वाटतं. अडचण अशी की कापडावर आपटून येताना प्रकाशाचा बराच भाग वाया जातो, आणि तेव्हाची फिल्म आजच्या मानाने मंद, म्हणजे तिला भरपूर उजेड लागायचा. मग दिवे वाढवावे लागतात, लेन्सचं तोंड जास्त उघडावं लागतं. तोंड उघडलं की फोकसमध्ये राहणारी जागा आखूड होते आणि नट हातभर पुढे-मागे झाला तरी चेहरा धूसर होतो. फोकस सांभाळणाऱ्या सहायकाची परीक्षाच. एवढा सगळा उपद्व्याप कशासाठी, तर सर्वजया अंगणात वावरताना दिव्यांचं भान कुणाला होऊ नये यासाठी.

जगात हे पहिल्यांदा मित्र यांनीच केलं का?

'पहिला कोण' या वादात मला फार रस नाही, पण तारखा स्पष्ट आहेत. 'अपराजितो' १९५६ चा. स्वीडिश दिग्दर्शक बर्गमन यांचे छायालेखक स्वेन निक्विस्ट यांच्या नावावर हे तंत्र अनेकदा सांगितलं जातं ते १९६१ च्या 'थ्रू अ ग्लास डार्कली'च्या संदर्भात. राय यांनी स्वतःही पुढे बोलून दाखवलं होतं की आम्ही हे त्याच्या कितीतरी आधीपासून करत होतो. दोघांनी एकमेकांचं पाहून केलं असं मानायला काहीच आधार नाही. पण कोलकात्याच्या स्टुडिओतल्या एका तरुणाचं नाव जगातल्या पुस्तकांत उशिरा आलं, याची खंत वाटते आणि ती लपवायचं कारण नाही.

एखादा प्रसंग घेऊन दाखवा, ज्यात त्यांचं काम कळेल.

दोन घेतो.

'अपूर संसार'मध्ये अपू आणि अपर्णा सिनेमा बघून घोडागाडीतून परततात. थिएटरचा पडदा हळूहळू गाडीच्या मागच्या खिडकीत बदलतो आणि आपण एकदम गाडीत असतो. आत अंधार. अपू सिगारेट तोंडात धरतो, अपर्णा काडी ओढते. तिचा चेहरा त्या काडीच्या प्रकाशात उजळतो आणि काडी विझेपर्यंतच दिसतो. दोघांचं लग्न ओळख नसताना झालेलं. एव्हाना ते एकमेकांच्या प्रेमात बुडालेत, हे सांगायला एकही मोठं वाक्य लागत नाही. इथे दिवा जास्त झाला असता तर काडीचं महत्त्व गेलं असतं, कमी झाला असता तर चेहरा हरवला असता. थिएटरच्या अंधारात बघा; मोबाइलवर हा प्रसंग अर्धाच पोचतो.

दुसरा 'चारुलता'ची सुरुवात. चारू रुमालावर अक्षर भरतेय. घड्याळात ठोके पडतात. मोठं घर, नवरा वर्तमानपत्रात गढलेला, दुपार सरता सरत नाही. रस्त्यावर डमरू वाजतो आणि ती दुर्बीण घेऊन एका खिडकीतून दुसऱ्या खिडकीकडे धावते, पट्ट्या उघडून बघते : माकडवाला, पालखी, छत्री घेतलेला जाडा गृहस्थ. आता फक्त उजेड पाहत हाच भाग पुन्हा बघा. पट्ट्या मिटलेल्या असताना खोलीत मंद, सारखा पसरलेला प्रकाश आहे. पट्टी उघडली की बाहेरचा उजेड तिच्या तोंडावर येतो. घरभर हिंडताना ती प्रकाशाच्या एका पातळीतून दुसरीत जाते, तरी कुठेही तिच्यावर दिवा रोखल्यासारखा वाटत नाही. हे घर आतून सगळं सेट आहे, खरी खिडकी एकही नाही, हे कळल्यावर मी तो भाग अनेकदा पाहिलाय. सांधा सापडत नाही.

राय यांच्या दिग्दर्शनाबद्दल आणि माधवी मुखर्जी यांच्या अभिनयाबद्दल याच प्रसंगावरून भरपूर लिहिलं गेलंय. त्या भिंतींवरचा १८७०-८० च्या कोलकात्यातला दुपारचा उजेड मित्र यांचा आहे.

ते फक्त वास्तववादी, साधा प्रकाशच करत होते का?

नाही. 'जलसाघर' बघा. मुर्शिदाबाद जिल्ह्यातल्या निमतिता इथला जुना राजवाडा आणि स्टुडिओत उभारलेला मैफिलीचा दिवाणखाना, असं ते मिश्रण आहे. झुंबर, आरसे, तसबिरी. शेवटच्या रात्री छबी विश्वास यांचा जमीनदार एकटा उरतो आणि मेणबत्त्या एकेक करून विझू लागतात. इथे अंधार हे एक पात्रच होऊन जातं. 'देवी'त शर्मिला टागोर यांच्या दयामयीला सासरा देवी ठरवतो, तेव्हा पूजेच्या धूप-दिव्यांत तिचा चेहरा जिवंत बाईचा कमी आणि मूर्तीचा जास्त दिसू लागतो. आणि शेवटी ती धुक्यासारख्या पांढऱ्या उजेडात विरत जाते. माझ्या मते अंधारावर त्यांची हुकमत या दोन चित्रपटांत सर्वांत जास्त जाणवते.

राय यांचे मधले काही चित्रपट त्यांनी का केले नाहीत?

डोळ्यांचं दुखणं. १९६१ च्या 'तीन कन्या'च्या वेळी त्यांना काम शक्य नव्हतं, म्हणून सौमेंदू रॉय यांनी कॅमेरा घेतला. रॉय हे टेक्निशियन्स स्टुडिओत कॅमेऱ्याची देखभाल करत, तिथून 'पथेर पांचाली'पासूनच या गोतावळ्यात आले होते. 'अभिजान' आणि 'कापुरुष-महापुरुष' त्यांचे, आणि 'नायक'नंतर तर पुढची जवळजवळ दोन दशकं राय यांचा कॅमेरा त्यांच्याकडेच राहिला. 'गूपी गाइन बाघा बाइन', 'अशनि संकेत', 'सोनार केल्ला', 'शतरंज के खिलाडी' ही सगळी त्यांची कामं. 'राय यांचा कॅमेरामन' म्हणून एकाच माणसाचं नाव घेणं म्हणूनच दोघांवरही अन्याय आहे.

रंगीत चित्रपटांत मित्र यांचं काम कसं आहे?

'कांचनजंघा' (१९६२) हा राय यांचा पहिला रंगीत चित्रपट. दार्जिलिंगला सुटीवर आलेल्या एका कुटुंबाची एकाच दुपारची गोष्ट, आणि ती साधारण चित्रपटाच्या लांबीएवढ्याच वेळात घडते. उन्हातून ढगात, ढगातून धुक्यात, आणि धुक्यातून पुन्हा उन्हात असा हवेचा प्रवास माणसांच्या मनःस्थितीबरोबर चालतो. डोंगरात हवा मिनिटागणिक पालटते. युनिटने तिला थोपवायचा प्रयत्न केला नाही. धुकं आलं की धुक्यातला प्रसंग, ऊन पडलं की उन्हातला. लोकप्रियतेत हा चित्रपट मागे राहिला. छायालेखनासाठी बघायचा असेल तर मात्र यादीत वर ठेवा.

ते सतार वाजवत, हे खरं का?

हो, आणि चांगली वाजवत. 'पथेर पांचाली'चं संगीत रविशंकर यांचं. ते फार थोडा वेळ देऊ शकले, त्यामुळे काही जागा भरायच्या राहून गेल्या. मिठाईवाल्याच्या मागे अपू, दुर्गा आणि कुत्रा निघतात त्या प्रसंगातली सतार मित्र यांची आहे. तळ्याच्या पाण्यात उलटं दिसणारं ते सगळं लटांबर त्यांनीच चित्रित केलं आणि त्याला सूरही त्यांनीच दिला.

राय आणि मित्र वेगळे का झाले?

भांडणाच्या सुरस कथा ऐकायला मिळतात, त्यांत मी पडणार नाही. एक गोष्ट उघड आहे : साठच्या दशकात राय स्वतः कॅमेरा ऑपरेट करू लागले. दिग्दर्शकाला नटाचा प्रत्येक क्षण लेन्समधूनच बघायचा असतो, हे समजण्यासारखं आहे. छायालेखकाला आपली चौकट दुसऱ्याच्या हाती जाते असं वाटणं, तेही समजण्यासारखं आहे. मित्र आपल्या कामात तडजोड न करणारे म्हणून ओळखले जात. एका प्रकाशासाठी वेळ मागणारा माणूस आणि ठरल्या वेळात, थोड्या पैशात चित्रपट पुरा करणारा माणूस यांच्यात ताण येणारच. 'नायक'मध्ये स्टुडिओत उभारलेल्या रेल्वेच्या डब्यात त्यांनी जे काम केलं ते शेवटचं. त्या डब्यात बसलेल्या उत्तमकुमारांच्या चेहऱ्यावरून कुठेही कळत नाही की गाडी जागेवरच उभी आहे.

त्यानंतर त्यांनी काय केलं?

राय यांच्याबरोबर असतानाच त्यांनी निर्माते इस्माइल मर्चंट आणि दिग्दर्शक जेम्स आयव्हरी यांच्यासाठी काम सुरू केलं होतं : 'द हाउसहोल्डर' (१९६३), 'शेक्सपिअरवाला' (१९६५), मग 'द गुरू' (१९६९) आणि 'बॉम्बे टॉकी' (१९७०). शेवटच्या चित्रपटात मुंबईची हिंदी चित्रसृष्टी आहे, आणि प्रचंड टाइपरायटरच्या कळांवर नाचणाऱ्या हेलन आहेत. चौकातल्या उजेडासाठी कापड ताणणाऱ्या माणसाने तो झगमगाटही तितक्याच मन लावून रंगवला.

हिंदीत बासू भट्टाचार्य यांचा 'तीसरी कसम' (१९६६). शैलेंद्र यांनी पदरमोड करून काढलेला, राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळवणारा. हिरामणच्या बैलगाडीच्या छपराखाली वहिदा रहमान यांच्या चेहऱ्यावर जो उजेड आहे, तो त्या काळच्या हिंदी नायिकांच्या वाट्याला फार क्वचित आला. पुढे रमेश शर्मा यांच्या 'न्यू दिल्ली टाइम्स'साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

सत्तर आणि ऐंशीच्या दशकांत त्यांच्या नावावर इतके कमी चित्रपट का, असं लोक विचारतात. हवी तशी परिस्थिती नसेल तर काम न घेणं त्यांना परवडलं नसेलही, पण ते त्यांनी केलं. आपलं नुकसान त्यात मोठं झालं, असं मला नेहमी वाटतं.

बंगाली सिनेमातले आणखी कोणते छायालेखक माहीत असायला हवेत?

आधीच्या पिढीत कोलकात्याच्या न्यू थिएटर्स या चित्रसंस्थेचे नितीन बोस आणि बिमल रॉय. दोघेही कॅमेऱ्यामागून दिग्दर्शनात गेले. बिमल रॉय यांनी 'मुक्ती' (१९३७) चित्रित केला होता, 'दो बिघा जमीन' खूप नंतरची. दिग्दर्शक ऋत्विक घटक यांच्या 'अजांत्रिक' आणि 'मेघे ढाका तारा'चे दीनेन गुप्ता : जवळून, खालून, रुंद लेन्सने घेतलेले चेहरे, मित्र यांच्या अगदी उलट स्वभावाचं आणि तितकंच ताकदीचं काम. 'तितास एकटि नदीर नाम' चित्रित करणारे बेबी इस्लाम.

आणि के. के. महाजन. ते पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून शिकून बाहेर पडले आणि दिग्दर्शक मृणाल सेन यांच्याबरोबर त्यांनी कोलकात्याचे रस्ते खांद्यावरच्या कॅमेऱ्याने पिंजून काढले. 'इंटरव्ह्यू'मधल्या ट्रामच्या प्रसंगात तर महाजन स्वतः कॅमेऱ्यासह पडद्यावर दिसतात. प्रभातच्या जागेत शिकलेल्या माणसाने सत्तरच्या दशकातलं खवळलेलं कोलकाता टिपलं, याचं पुणेकरांना कौतुक असायला हवं.

अलीकडच्यांत 'चोखेर बाली'चे अभीक मुखोपाध्याय आणि 'चांदेर पहाड'चे सौमिक हालदार यांची कामं आवर्जून बघावीत.

आज या व्यवसायात यायचं तर मार्ग कोणते?

दोन, आणि दोन्ही चालू आहेत. पहिला संस्थेचा : पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट (एफटीआयआय) किंवा कोलकात्याची सत्यजित राय इन्स्टिट्यूट. छायालेखनाचा अभ्यासक्रम पदवीनंतरचा, प्रवेश परीक्षेतून. दुसरा सेटवरचा : कॅमेरा अटेंडंट, मग फोकस पुलर (फोकस सांभाळणारा सहायक), ऑपरेटर आणि पुढे स्वतंत्र काम. कोलकात्यातल्या टॉलिगंजच्या स्टुडिओंत असे वर आलेले पुष्कळ आहेत, सौमेंदू रॉय हे त्यांतलं सर्वांत मोठं उदाहरण. संस्थेत विचार करायला आणि चुका करायला सवड मिळते. सेटवर वेळेचं भान आणि माणसं सांभाळणं शिकता येतं.

कुठलाही मार्ग घ्या, पण वही ठेवा. दुसऱ्याच्या सेटवर उभं राहायला मिळालं तर दिव्यांच्या आकृत्या काढा. मोबाइलवर फोटो काढून हे होत नाही, कारण आकृती काढताना दिवा तिथेच का लावला हे स्वतःला विचारावं लागतं.

डिजिटल कॅमेरे कमी उजेडातही दाखवतात. मग या जुन्या कामातून काय शिकायचं?

कॅमेऱ्याला दिसणं आणि खोली खरी वाटणं यांत अंतर आहे. आजही सेटवर मऊ प्रकाश हवा म्हणून थर्माकोल आणि कापड लावलं जातं, छताकडे दिवे फिरवले जातात. ते सरसकट लावलं की सगळे चेहरे सारखेच गुळगुळीत होतात. मित्र यांनी कापड ताणलं कारण त्या घराला चौक होता. घोडागाडीत त्यांनी ते केलं नाही, तिथे काडी होती. तंत्र उचलायचं तर ही निवड आधी उचलावी.

हे चित्रपट चांगल्या प्रतीत कुठे बघता येतील?

अपू-त्रयीच्या ('पथेर पांचाली', 'अपराजितो', 'अपूर संसार') प्रतींची कथा दुःखाची आहे. १९९३ मध्ये लंडनच्या हेंडरसन लॅबोरेटरीला आग लागली आणि राय यांच्या अनेक चित्रपटांच्या मूळ निगेटिव्ह जळाल्या, वितळल्या. अवशेष टाकून न देता जपून ठेवले गेले. पुढे इटलीत बोलोन्याच्या प्रयोगशाळेत करपलेली, आखडलेली फिल्म पुन्हा मऊ करून, हाताने दुरुस्त करून जेवढी वाचवता आली तेवढी वाचवली, आणि उरलेली जागा इतर ठिकाणच्या चांगल्या प्रतींमधून भरून काढली. २०१५ मध्ये ही नवी प्रत लोकांसमोर आली. बघायची तर हीच बघा. यूट्यूबवरच्या धुरकट प्रतींमध्ये चौकातल्या करड्या छटा एकमेकींत मिसळून जातात, आणि तेवढ्यासाठीच तर सगळा खटाटोप होता. 'चारुलता', 'महानगर' आणि 'नायक' यांच्याही नव्याने स्वच्छ केलेल्या प्रती निघाल्या आहेत. पुणे-मुंबईच्या फिल्म सोसायट्यांत आणि पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात राय यांचे खेळ होतात, त्यांच्यावर लक्ष ठेवावं.

सुरुवात कुठल्या चित्रपटापासून करावी?

वर्षांच्या क्रमाने जाऊ नका. आधी 'चारुलता', कारण तिथे त्यांची हातोटी पूर्ण पिकलेली आहे. मग 'अपराजितो'चा काशीचा भाग, विशेषतः घरातली दृश्यं आणि घाटावरची दृश्यं एकमेकांशी ताडून. त्यानंतर 'जलसाघर', रात्री, दिवे मालवून. 'पथेर पांचाली' पाहिलेला असला तरी या तिघांनंतर पुन्हा बघा, बावीस वर्षांच्या मुलाला तेव्हाच किती कळत होतं ते दिसेल. 'कांचनजंघा' आणि 'तीसरी कसम' त्याच्या पुढे. आणि एखादा प्रसंग फार आवडला तर आवाज बंद करून तो पुन्हा लावा. सबटायटल्सही बंद करा.